दरोडेखोर दमयंतीची उडी

आमच्या पुण्यात सिनेमा पाहणारे दोन प्रकारचे आहेत. एक सिनेमा पाहून शिट्टी मारतात आणि दुसरे सिनेमा पाहून चर्चा करतात. मी शिट्टी मारणाऱ्यांच्या घरात जन्मले आणि मोठेपणी चर्चा करणाऱ्यांच्या मंडळात सभासद झाले, हीच माझी पंचाईत आहे. मंडळात महिन्यातून एकदा परदेशी चित्रपट दाखवतात. त्यात एक माणूस खिडकीतून बाहेर बघतो, मग आत बघतो आणि चित्रपट संपतो. नंतर चहा. अशाच एका चहाच्या वेळी मी म्हणाले, की आपल्याकडच्या मारधाडीच्या, भुताखेतांच्या, चार दिडक्यांत काढलेल्या चित्रपटांच्या प्रती कोणीतरी सांभाळून ठेवायला हव्यात. नाहीतर ते कधी निघाले होते यावरही पुढे कोणाचा विश्वास बसायचा नाही.

अध्यक्षांनी चष्मा पुसला. "त्या चित्रपटांना इतिहास नसतो हो बाई," ते म्हणाले, "नुसता वास असतो."

वास असतो हे खरं. विडीचा, घामाचा, भाजक्या शेंगांचा. त्याच वासात मी वडिलांच्या शेजारी बसून 'दरोडेखोर दमयंती' तीनदा पाहिला होता. पदराने तोंड बांधलेली दमयंती घोड्यावरून दरी ओलांडते तेव्हा माझे वडील, जे एरवी पोस्टात अत्यंत सभ्यपणे तिकिटं विकत, बाकावर उभे राहत. अध्यक्षांचा मला इतका राग आला की मी भांडून मंडळाच्या कपाटाचा एक रिकामा कप्पा मागून घेतला, आणि छापखान्यातल्या मुद्रितं तपासण्याच्या नोकरीतून रजा काढून दमयंतीची प्रत शोधायला निघाले. रंगभूषा करणाऱ्या एका म्हाताऱ्या गृहस्थांनी दोन धागे दिले होते. प्रत सातारा-सांगलीकडे यात्रांतून तंबूत सिनेमा दाखवणाऱ्या कुठल्याशा तंबूवाल्याकडे आहे, हा एक. आणि ती उडी नटीने मारलेली नसून वडूजकडच्या म्हसू बनसोडे नावाच्या बाप्याने मारलेली आहे, हा दुसरा.

वडूज

साताऱ्यापर्यंतचा रस्ता सगळ्यांना ठाऊक आहे, तो मी सांगत नाही. साताऱ्यात कंदी पेढे घेतले आणि पुसेगावच्या अलीकडेच संपवले, तेही सांगत नाही. पुढे झाडं कमी होत जातात, डोंगर बोडके होत जातात आणि येरळा नदी आडवी आली तेव्हा तिच्या पात्रात शेरडं चरत होती. थंडी सरत आली होती, शाळू काढणीला आला होता.

वडूजच्या स्टँडवर उतरले. एकटी बाई, खांद्याला पिशवी, हातात कागद. याचा त्या भागात एकच अर्थ होतो, हे मला कोणी सांगितलं नव्हतं. म्हसू बनसोडे कुठं राहतात, असं एका माणसाला विचारलं तर तो दोन पावलं मागं सरला. "त्येचं वय झालंय आता, बाई," तो कळवळून म्हणाला, "त्याला कशाला धरता?"

ओढ्यापलीकडच्या वस्तीत घर सापडलं. दारात एक ठेंगणी, काटक बाई धान्य पाखडत होती. माझ्याकडे मान वर न करता ती म्हणाली, "आमच्यात आता कोन न्हाई तसलं. पोरं झाली, त्येंची लगनं बी झाली. म्होरं जावा."

तेव्हा कुठे उजेड पडला. मला हे लोक कुटुंबनियोजनवाली समजत होते! मी घाईघाईने पिशवीतून 'दमयंती'च्या गाण्यांचं जुनं चोपडं काढून तिच्यापुढे धरलं. मुखपृष्ठावर घोडा, घोड्यावर नऊवारीतली तोंड बांधलेली बाई. तिने सूप खाली ठेवून ते नीट पाहिलं आणि आत वळून हाक दिली, "आवं, भाईर या. तुमची थाप आलीया पुन्यासनं!"

ही सारजाबाई. आणि आतून लंगडत आले ते म्हसूअण्णा. साठीचे, आडव्या हाडाचे, ओठ गुळगुळीत भादरलेला. रस्त्याच्या कामावर मुकादमकी करत असल्यामुळे शेजारी बसलेल्या माणसाशीही ते पलीकडच्या डोंगरावर ऐकू जाईल असं बोलत. चोपडं हातात घेऊन त्यांनी घोड्यावरच्या बाईवर बोट ठेवलं आणि वस्तीला ऐकवलं, "ह्यो मी!"

"झालं सुरू," सारजाबाई म्हणाल्या.

म्हसूअण्णांना विनय नावाची गोष्ट माहीत नव्हती, आणि मला ते फार आवडलं. चित्रपटाच्या मालकाने घोडी भाड्याने आणली, त्यांच्याबरोबर हे मोतद्दार म्हणून गेले. "नटी कसली व्हती! घोडं बगितलं की शिंकायची. मंग मालक म्हनला, म्हसू, नेस लुगडं. नेसलो. समद्या उड्या माज्या. मारामाऱ्या मीच बसवल्या. तलवारबाजी शिकवली कुनी? म्या! त्यो हिरो, त्याला तलवार आन् उलथनं येकच."

"आणि नाव?" मी विचारलं. "सुरुवातीला पडद्यावर नावं येतात, त्यात तुमचं नाव?"

पहिल्यांदाच त्यांचा आवाज अंगणाच्या आत मावला. "पेटीवाल्याचं आलं. च्या करनाऱ्याचं बी आलं. माजं न्हाई."

"येनार कुठनं?" सारजाबाईंनी सूप आपटलं. "मंबईला गिरनीत जातो म्हनून गेले, आन् पाय मोडून आले. तवापासनं ऐकतीया, घोडं काय आन् लुगडं काय. गावात बी हसत्यात. म्या म्हनते, असल शिनेमा तर दावा की येकदा!"

"त्येच तर," म्हसूअण्णा माझ्याकडे वळले. "बाई, तुमी त्यो शिनेमा हुडकाच. हिला येकदा दावायचाय. बास. मंग मराया मोकळा."

जेवायला बाजरीची भाकरी, हुलग्याचं माडगं आणि खर्डा होता. माडगं म्हणजे कुळथाचं दाट, गरम पेय. आमच्याकडे त्याला सर्दीवरचं औषध म्हणून नाक मुरडत पितात, इथे दोन वाट्या झाल्यावर मी तिसरी मागून घेतली. खर्ड्याने मात्र माझी वाचा बसली. "पुन्यात मिरची नसती व्हय?" सारजाबाईंनी विचारलं. असते, मी डोळे पुसत सांगितलं, पण आम्ही तिच्यात साखर घालतो. त्यांना हे इतकं अघोरी वाटलं, की त्यांनी ते शेजारणीला बोलावून सांगितलं.

चौकशी करता म्हसूअण्णांच्या एका पाहुण्याने खबर आणली, की दमयंतीची प्रत होती त्या बापू तंबूवाल्याने जुन्या चित्रपटांचे डबे विट्याला दिले आहेत. विट्याला चित्रपट कशासाठी, हे मला कळेना. मी निघाले. म्हसूअण्णा म्हणाले, शिनेमा माजा हाय, मी येनार. सारजाबाई म्हणाल्या, पुन्याच्या बाईसंगं येकलं कसं सोडू, मी बी येनार. अशी आमची तिघांची वरात मायणीमार्गे विट्याला पोचली.

विटा

विटा हे गाव निम्मं विट्यात आहे आणि निम्मं उरलेल्या हिंदुस्थानात. इथले पुरुष गलाईचा धंदा करतात. म्हणजे सोनारांकडची जुनं, मिसळलेलं सोनं-चांदी मुशीत गाळून शुद्ध करून द्यायची. कोणाचं दुकान कलकत्त्याला, कोणाचं मद्रासकडे. यात्रेला गावी आले की ओट्यावर बसून अस्सल माणदेशी मराठीत बोलता बोलता बायकोला चहा मात्र तमिळमध्ये सांगतात. आमच्या पुण्यात माणूस खडकीला बदली झाली तरी तब्येत खालावल्याचं कळवतो.

बापूंचे डबे ज्यांनी घेतले होते ते आबा गलाईवाले असेच गावी आलेले होते. हसरा, गोल माणूस, हाताच्या बोटांवर भाजल्याच्या खुणा. 'दमयंती'चं नाव काढताच त्यांना आनंद झाला.

"दमयंती? व्हय की! दिवाळीच्या आदी गाळली."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. आबांनी अगदी प्रेमाने समजावून सांगितलं. काळ्या-पांढऱ्या फिल्मच्या पट्टीवर चांदी असते. रिळं सोड्याच्या कढत पाण्यात टाकायची, चित्र सुटून तळाला गाळ बसतो. तो गाळ वाळवून टाकणखार घालून मुशीत घालायचा, भाता मारायचा, की चांदीचा मणी तयार. उरलेली कोरी पट्टी बांगड्या करणाऱ्याला द्यायची.

"अहो, तो चित्रपट होता!" मी ओरडलेच. "त्याची दुसरी प्रत नाही जगात!"

"रागावू नका बाई," आबा म्हणाले. "शिनेमा लय चांगला निघाला. सोळा आनं चांदी."

"तुम्ही पाहिलात?"

"बगायचा कशाला? धुतला."

या माणसावर रागावता येईना. अशा किती राजकन्या, किती राक्षस आणि किती बुरखेधारी त्याच्या मुशीत गेले असतील, आणि त्याच्या हिशेबी त्यात गुन्हा काहीच नव्हता. ज्यांनी ते चित्रपट काढले त्यांनीच ते किलोच्या भावाने विकले होते. आमच्या अध्यक्षांनीही ते फुकट नेले नसते. मी मनातल्या मनात साऱ्या मंडळाला मुशीत घालून भाता मारला, तरी बरं वाटेना.

म्हसूअण्णा ओट्याच्या पायरीवर बसले होते. "म्हंजी संपलं," एवढंच म्हणाले. टोमणा मारायची याहून सोपी संधी सारजाबाईंना मिळाली नसती. पण त्यांनी आतून तांब्या मागून घेतला आणि नवऱ्याच्या हातात दिला. त्या क्षणी मला रडू आलं. मी ते खर्ड्यावर ढकलू शकत नव्हते, कारण खर्डा आदल्या दिवशीचा होता.

आबांनाही ते सोसेना. त्यांनी डोकं खाजवलं. "येक हाय पर. चवथं रीळ हलकं भरलं व्हतं. वजन उतरलं तवा मी बापूसंगं भांडलो. म्हनलं, पुरं दे, न्हाईतर देऊ नगंस. तर म्हनला, त्यातली उडी ठिवून घेतली म्या, ती देनार न्हाई."

म्हसूअण्णा तांब्यासकट उभे राहिले. "कंची उडी?"

"मला काय ठावं? बापूचा तंबू आता कडेगावच्या अल्याड यात्रंत हाय. जावा की!"

यात्रेत, बापूच्या तंबूपाशी

यात्रेचं वर्णन करण्याइतकी उसंत म्हसूअण्णांनी मला दिली नाही. गोडीशेवेच्या ढिगाऱ्यावरून आणि पाळण्याखालून त्यांनी आम्हाला ओढत नेलं. वाटेत माझ्या चपलेचा अंगठा तुटला. ती हातात घेऊन मी बापूंसमोर उभी राहिले, आणि त्यांनी आधी दोन्ही हात वर केले.

बापू तंबूवाले म्हणजे उंच, वाळका, सदा घाईत असलेला माणूस. त्यांच्या तंबूत त्या आठवड्यात एक संतपट चालू होता, सोवळा आणि संथ. त्याची आणि दमयंतीच्या उडीची गाठ कशी पडली, ते त्यांनीच सांगितलं.

"संतपट लोकांस्नी पायजे, पर बसवत न्हाई. नुसतं भजन! निम्मी मान्सं उटून जिलबी खायाला जात्यात. मंग म्या काय केलं, गुंड संतावर काठी उगारत्यात, संत डोळं मिटतो, तितं उडी जोडली. पाट्टदिशी बाई घोड्यावरनं येती, गुंड पळत्यात. लोकं म्हनत्यात देवी आली! आता येक मानूस उटत न्हाई."

मी थक्क झाले. अशी जोडकामं सगळेच तंबूवाले करतात म्हणे. कुठल्या पौराणिक चित्रपटात कुस्ती, कुठल्या सामाजिक चित्रपटात वाघ. उडी वेगळी काढून दाखवायला बापू तयार होईनात. तिकीट काढा आणि बसा, म्हणाले.

दिवेलागणीचा खेळ. तंबूत मधोमध दोर बांधलेला, एका बाजूला पुरुष आणि दुसऱ्या बाजूला बायका. सारजाबाई आणि मी दोराला लागून बसलो, पलीकडे म्हसूअण्णा. संत भजन म्हणाले, मग आणखी एक म्हणाले. मंडळातला खिडकीवाला माणूस मला वेगवान वाटू लागला. अखेर गुंड आले. काठी उगारली. संतांनी डोळे मिटले. आणि खटकन पडद्याचा रंगच बदलला, ओरखड्यांचा पाऊस सुरू झाला, आणि समोरून घोडा सुटला.

बायकांनी भराभर हात जोडले, डोकी खाली गेली. पुरुषांनीही. सबंध तंबू वाकला होता. न वाकलेली डोकी तीनच होती, आमची. सारजाबाई छप्पन साली सगळ्या वस्तीबरोबर बौद्ध झालेल्या. देवी घोड्यावरून येवो की एसटीने, त्या हात जोडणार नव्हत्या. म्हणून त्यांना ते दिसलं. घोडा दरीवर अधांतरी असताना वाऱ्याने दमयंतीच्या तोंडावरचा पदर सुटला. डोळ्याचं पातं लवायच्या आत पुन्हा चिकटला. पण तेवढ्यात दमयंतीची झुपकेदार मिशी सगळ्या दरीवर पसरलेली स्पष्ट दिसली.

"आगं बया!" सारजाबाई ओरडल्या. "आवं, ह्ये तर तुमी!"

"मंग मी काय म्हंत व्हतो!" दोरापलीकडून डोंगराचा आवाज आला.

"मिशी का ठिवली वं?"

"बा जिता व्हता की! बा जिता असताना मिशी कशी काडायची? मालकाला म्हनलं, तोंड बांदतो, पर मिशी काडनार न्हाई!"

तर दमयंतीच्या बांधलेल्या तोंडाचं गूढ हे होतं. मुलाने मिशी उतरवायची ती बाप गेल्यावर, त्याआधी नाही, असा रिवाज. त्या पदरावर मी लहानपणी किती जीव टाकला होता! मला वाटायचं, तिचं काहीतरी दुःख आहे.

भोवतालच्या लोकांनी आम्हाला गप्प केलं. म्हसूअण्णा मात्र पडद्याकडे बघतच नव्हते. ते वळून तंबूतल्या हात जोडलेल्या लोकांकडे बघत होते. दोराखालून सारजाबाईंच्या कानाशी वाकून ते म्हणाले, आणि त्यांचं कुजबुजणं मलाही ऐकू आलं, "ज्येंच्या आडावर पानी मिळंना, त्ये पाया पडत्यात बग."

सारजाबाईंनी तोंडात पदर कोंबला. हसण्यासाठी की कशासाठी, ते मी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी बापूंकडे उडी मागितली. पुण्यात थंड कपाटात ठेवू, नीट जपू, असं बरंच काही बोलले. बापू घाबरेच झाले. "उडी न्हेल्यावर संताला कोन वाचवनार? मरंल की त्यो!"

मग मी म्हणाले, की उडी म्हसूअण्णांची आहे, तेच ठरवतील. मला वाटलं होतं, ते माझी बाजू घेतील. त्यांनी मान वळवून तंबूकडे पाहिलं, तेव्हाच मी हरले होते.

"बाई, तुमच्या कपाटात कोन येतंय बगायला?" ते म्हणाले. "हितं रोज तंबू भरतोय. उडी हितंच राहू द्या. माजं नाव तेवडं लावा तिच्या आदी."

म्हणजे काय करायचं, ते बापूंना लगेच कळलं. फिल्मच्या काळ्या पट्टीवर सुईने खरवडून अक्षरं लिहिली, की पडद्यावर पांढरी उमटतात. खेळात काही सूचना द्यायची झाली तर ते असंच करत. त्यांनी काळ्या पट्टीचा एक तुकडा माझ्यापुढे टाकला. मी पातळाची टाचणी काढून चष्मा सारखा केला. एका चौकटीत नखाएवढी जागा, आणि नाव वाचण्यापुरतं पडद्यावर थांबायचं तर तेच नाव चौकटीमागून चौकटीत लिहीत जायचं. पहिली चौकट मी पट्टीच्या भलत्याच बाजूने लिहिली, ती वाया गेली.

"म्हसू रामा," बापू माझ्या खांद्यावरून वाचत म्हणाले, "बास की येवडं. आडनाव कशाला? यात्रा हाय. कुनी उगं काय बोलायला नगं."

म्हसूअण्णांनी त्यांच्याकडे पाहिलं. रागाने नाही. "त्यो मालक बी हेच म्हनला व्हता, बापू. म्हनला, नाव लावतो, पर आडनावावरनं समद्यांस्नी कळंल, तिकिटं खपायची न्हाईत. म्या म्हनलं, मंग नाव बी नगं."

ही गोष्ट त्यांनी मला तर सांगितली नव्हतीच, पण एवढ्या वर्षांत सारजाबाईंनाही सांगितली नव्हती. घोडा, लुगडं, उडी सगळ्या वस्तीला ऐकवली, आणि हे एकटंच पोटात ठेवलं. सारजाबाई नवऱ्याकडे बघत राहिल्या. बापूंनी खाली बघत पट्टीचा आणखी एक, लांब तुकडा तोडून माझ्यापुढे ठेवला.

"बारीक लिवा," म्हसूअण्णा म्हणाले, "पर पुरं लिवा."

आयुष्यभर मी इतरांच्या पुस्तकांतल्या चुका काढल्या. इतक्या काळजीने मी कधी काही लिहिलं असेल असं मला आठवत नाही. तरी शिरोरेषा प्रत्येक चौकटीत खालीवर झालीच.

संध्याकाळी तोच खेळ, तीच भजनं. गुंडांनी काठी उगारली, संतांनी डोळे मिटले, पडदा काळा झाला, आणि त्या काळ्यावर पांढरं, थंडीने कुडकुडल्यासारखं थरथरत नाव आलं. म्हसू रामा बनसोडे. मग घोडा सुटला. लोकांनी हात जोडले. काहींनी नाव मोठ्याने वाचलं, आणि एक म्हातारी शेजारणीला म्हणाली, देवीच्या घोड्याचं नाव असंल.

म्हसूअण्णा उभे राहिले होते. दोन्ही हात बाजूला, ताठ, मोडक्या पायावरसुद्धा. घोडा पलीकडे पोचला, गुंड पळाले, संतांनी डोळे उघडले, तरी ते बसेनात. मागून ओरडा सुरू झाला. "ए म्हाताऱ्या, बस की खाली! दिसंना झालंय!"

सारजाबाई दोराला धरून उठल्या आणि सगळ्या तंबूकडे तोंड करून त्यांनी सांगितलं, "ऱ्हाऊ द्या उबं त्यास्नी. आत्ता वाचलासा की न्हाई नाव? त्येच हायती त्ये."